पिचरची 'फुकट गेलेली' वर्षं

मंडळी, डोकं तापलंय, म्हणून लिहितेय.

आज इथे जर्मनीत, बोब्लिंगेनमध्ये, आमच्या ईराच्या बेसबॉल क्लबची ग्रिल-पार्टी होती. तिचा कोच टायलर अमेरिकेत बरीच वर्षं मायनर लीगमध्ये, म्हणजे मोठ्या लीगच्या खालच्या संघांत, पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, होता. बसने गावोगाव जाऊन खेळला. कोपराचं ऑपरेशन झालं, तरी पुन्हा उभं राहून चेंडू टाकले.

हे सगळं त्याच्याच तोंडून ऐकल्यावर आपल्या या मराठी ग्रुपमधले एक गृहस्थ सॉसेज चावत मला मराठीत म्हणाले, "म्हणजे वर नंबर लागलाच नाही. फुकट गेली की याची वर्षं."

टायलरला कळलं नाही. शेजारी उभ्या असलेल्या ईराला कळलं. आपली मुलं उत्तरं जर्मनमध्ये देतात, पण मराठी सगळं समजतं त्यांना.

घरी येताना गाडीत तिने जर्मनमध्ये विचारलं, "आई, बाबापण अजून कंपनीचा बॉस झाला नाही. त्याचीपण वर्षं फुकट गेली का?"

गाडी बाबाच चालवत होता.

अहो सॉसेजवाले गृहस्थ, तुम्ही हे वाचताय, मला माहीत आहे. तुम्हीही तिच्या बाबाच्याच कंपनीत, त्याच्याच शेजारच्या टेबलावर बसता. सांगा, ईराला काय उत्तर देऊ?