समोरच्या घरातली चिनी बाळंतीण

लेकीच्या बाळंतपणासाठी जपानला निघाले तेव्हा बार्शीत ज्यानं त्यानं मला भूकंपाची भीती घातली. तिथला मोठा भूकंप होऊन दोन-तीन वर्षं झाली होती, पण टीव्हीवर पाहिलेलं ते पाणी कुणी विसरलं नव्हतं. चिनी लोकांची भीती मात्र कुणी घातली नाही. ती माझ्याकडे लहानपणापासून होती. शाळेत गुरुजींनी आधी आम्हाला 'हिंदी-चिनी भाई-भाई' ओरडायला शिकवलं. मी चौथीत गेले आणि लढाई लागली. मग त्याच गुरुजींनी बजावलं, की चिनी माणूस दिसला तर पळत येऊन सांगायचं. बार्शीत चिनी माणूस आला नाही. वर्षअखेर माझी शाळा सुटली, त्यामुळे पुढे काय ठरलं ते मला कळलं नाही.

मोठेपणी चिनी म्हणजे लोणच्याची बरणी, न टिकणारी खेळणी आणि स्टँडसमोरची चायनीजची गाडी. ती गाडी करमाळ्याचा एक मुलगा चालवतो.

जपानच्या विमानतळावर माझी बॅग उघडली. डिंक, खारीक, सुंठ सगळं नीट बघून परत ठेवलं, पण अळीव बियाणं आहे म्हणून ठेवून घेतले. ते पेरायचे नाहीत, खायचे आहेत, हे मला सांगता येईना. अधिकारी दोन्ही हात जोडल्यासारखे करून वाकला. मीही वाकले. अळीव तिथंच राहिले.

लेक प्राजक्ता आणि जावई समीरराव तोक्योत ओजिमा नावाच्या भागात दान्चीत (सरकारी वसाहतीत) राहतात. समीरराव तोयोसुला कंपनीत कॉम्प्युटरवर काम करतात. घर लहान, पण सगळी कपाटं भिंतीला खिळलेली. दाराशी एक पिशवी कायम भरलेली असते, त्यात पाणी, बिस्किटं आणि बॅटरी. धरणी हलली की ती घेऊन निघायचं. पहिल्या आठवड्यात धरणी एकदा हलली. मी पिशवी घेऊन दारात उभी राहिले. बाकी कुणी उठलं नाही.

खालच्या मजल्यावरच्या ताकागी-सान या म्हाताऱ्या जपानी बाई आम्हाला भेटायला आल्या. त्यांनी कागदी टोपी घडी करून दिली आणि आमच्या समोरच्या घराकडे बोट करून हळू आवाजात बरंच काही सांगितलं. समीररावांनी मला ते मराठीत सांगितलं.

"तिथं चायनीज फॅमिली आहे, आई. त्या म्हणतात, हे लोक फार लाउड असतात. गोमी (कचरा) नीट वेगळा करत नाहीत. आणि भूकंप झाल्यावर सगळे पळून गेले."

"तुम्ही तेव्हा कुठं होता?"

"पुण्याला," समीरराव म्हणाले.

ताकागी-सान गेल्यावर प्राजक्ता म्हणाली, "आपला गोमी तरी कोण वेगळा करतं रे? तू परवा बाटली झाकण न काढताच टाकलीस."

"मी लाउड नाही ना पण," समीरराव म्हणाले.

मुलगी झाली. हॉस्पिटलात लेकीला बर्फ घातलेलं पाणी दिलं आणि लगेच आंघोळीला पाठवलं. मी कोपऱ्यात बसून होते. घरी आल्यावर मी कानाला बांधायला फडकं काढलं, तर ती म्हणाली, "आई, प्लीज. इथं असं करत नाहीत." मी फडकं घडी करून ठेवलं.

दूध येईना. बाळ बाटली तोंडात धरेना. घरी येऊन बाळ तपासणाऱ्या सुईणबाईंनी वजन केलं आणि त्यांचा चेहरा पडला. मुगिचा (जवाचा थंड चहा) भरपूर प्यायला द्या, म्हणाल्या, आणि पुढच्या भेटीपर्यंत वजन वाढलं नाही, तर बाळाला हॉस्पिटलात ठेवावं लागेल. प्राजक्ता त्यांच्यासमोर हसून "हाय, हाय" (हो, हो) म्हणाली आणि दार लागल्यावर रडली.

त्या दिवसांत समोरच्या घरातून सकाळी एक वास यायचा. समीरराव खिडकी लावून घेत. "चायनीज कुकिंग," ते म्हणत. मला तो वास ओळखीचा वाटत होता. तिळाचं तेल आणि आलं. एकदा ते दार उघडं राहिलं आणि आत एक तरुण मुलगी दिसली. भर उन्हाळ्यात पायात मोजे, डोक्याला टोपी, कान झाकलेले, मांडीवर तान्हं बाळ. शेजारी तिची आई वाफाळतं पाणी घेऊन उभी होती. मी आत येऊन सांगितलं, "समोर बाळंतीण आहे, आणि तिला कुणीतरी नीट सांभाळतंय." प्राजक्ता म्हणाली, ती लिन. तिचं इंग्रजी चांगलं आहे. त्यांच्यातही महिनाभर गार पाणी, वारा, आंघोळ सगळं बंद असतं. सुईणबाई त्यांच्याकडेही जातात, आणि चिनी लोक आंघोळ करत नाहीत, असं ताकागी-सानना या सुईणबाईंकडूनच कळलं.

दुसऱ्या दिवशी लिनची आई मला लिफ्टपाशी भेटली. तिनं रडणाऱ्या बाळाचा आवाज काढला, आमच्या दाराकडे बोट केलं, मग स्वतःच्या छातीवर हात ठेवून मान हलवली. भिंती पातळ आहेत. तिला सगळं ऐकू गेलेलं होतं. तिच्या हातात झाकलेलं पातेलं होतं. झाकण काढून तिनं मोठ्या अभिमानानं डाव वर काढला. त्यात डुकराचा खूर होता.

मी पळाले. लिफ्टची वाट न बघता जिन्यानं पळाले. खाली गेल्यावर लक्षात आलं, की मला घरीच जायचं होतं आणि घर वर राहिलं.

संध्याकाळी बेल वाजली. समीरराव ऑफिसातून यायचे होते. दारात लिन आणि तिची आई, तेच पातेलं. लिन प्राजक्ताशी इंग्रजीत बोलली आणि प्राजक्ता किती दिवसांनी हसली.

"आई, ती म्हणते, आपल्याला ते चालतच नाही, हे तिच्या आईला माहीत नव्हतं. इंडियन लोक मांस खात नाहीत म्हणून अशक्त असतात, एवढंच तिनं ऐकलं होतं. म्हणून पायाचं सूप आणलं होतं. आता नवीन केलंय. बघ म्हणते."

म्हातारीनं पातेलं पायरीवर ठेवलं आणि डावानं तळापासून ढवळून दाखवलं. एकदा नाही, पुन्हा पुन्हा. शेंगदाणे, आलं आणि सुकलेली लाल बोरं. डावावर काही लपलेलं नाही, हे दिसावं म्हणून ती डाव माझ्या डोळ्यांसमोर धरत होती.

मला मराठीतही परक्या माणसाशी बोलता येत नाही, त्यामुळे भाषेची अडचण इतरांपेक्षा कमी होती. अडचण शेंगदाण्यांची होती. आमच्याकडे बाळंतिणीला शेंगदाणे देत नाहीत, बाळाचं पोट दुखतं. शिवाय पातेलं तेच, खूर शिजवलेलं होतं. माझ्या सासूबाई असत्या तर त्यांनी दार लावलं असतं. पण आत बाळ रडत होतं, अळीव विमानतळावर होते आणि पुढच्या भेटीत सुईणबाई वजनकाटा घेऊन येणार होत्या.

मी वाटी आणली, त्यात सूप घेतलं आणि उभ्यानंच प्यायले. म्हातारी माझ्या तोंडाकडे बघत होती. चव बरी होती, मीठ मात्र अजिबात नव्हतं. थोडा वेळ थांबले. काही झालं नाही. मग प्राजक्ताला दिलं.

समीरराव आल्यावर म्हणाले, "आई, कशात काय घातलंय कुणास ठाऊक! चायनीज लोकांचं..."

"मी आधी प्यायले," मी म्हटलं. ते हात धुवायला गेले. बहुधा मी त्यांना एवढं स्पष्ट काही पहिल्यांदाच बोलले.

पातेलं रोज येऊ लागलं. आमच्यात भांडं रिकामं परत देत नाहीत, म्हणून मी पहिल्याच दिवशी त्यात सुंठ, डिंक आणि खारीक घालून केलेले लाडू दिले. म्हातारीनं एक लाडू नाकाशी धरला. लिन हात पुढे करत होती, तो तिनं बाजूला सारला, एक तुकडा मोडून आधी स्वतः खाल्ला, थोडा वेळ थांबली आणि मगच लेकीला दिला. मला राग आला नाही. तिची पद्धत बरोबर होती.

सुईणबाई आल्या. वजन वाढलं होतं. त्या मुगिचामुळे, असं म्हणाल्या. समीरराव म्हणाले, बाटलीमुळे, कारण बाळ तोवर थोडी बाटली घेऊ लागलं होतं. प्राजक्तानं मुगिचाचा ग्लास त्यांच्यासमोर रिकामा केला आणि त्या गेल्यावर माझ्याकडे कान बांधायचं फडकं मागितलं.

मी परत आले. बार्शीत बायका जमल्या. जपानचं कुणी फारसं विचारलं नाही. लेकीच्या शेजारी चिनी राहतात हे कळल्यावर मात्र सगळ्या जवळ सरकून बसल्या.

"खरंच साप खातात का हो?"

"माझ्यासमोर खाल्ला नाही."

"मग कशी असतात ती माणसं?"

मला एकच बाई माहीत, तीही तेवढ्या दिवसांपुरती. तिच्यावरून एवढ्या मोठ्या मुलखाचं काय सांगणार? तीही लेकीचं बाळंतपण उरकून आता चीनमध्ये तिच्या गावी पोचली असेल आणि तिच्याही भोवती बायका जमल्या असतील. तिला तर हिंदुस्थानातली मी एकटीच माहीत. हिंदी बायका कशा असतात, असं त्यांनी विचारलं असेल आणि तिनं सांगितलं असेल, की पातेल्याचं झाकण काढलं की पळतात. पुढचं, पातेलं भरून परत करतात, हेही तिनं सांगितलं असेल का, हे मला कळायला मार्ग नाही.

"मीठ कमी खातात," मी सांगितलं, आणि चहा ठेवायला उठले.