रिकामा डबा

अंबरनाथला आम्ही नवीन बिऱ्हाड केलं, त्याच वर्षी तिथे नगरपालिकेचा नियम निघाला: प्रत्येक दारासमोर झाकणाचा डबा हवा आणि घरातला कचरा रोज सकाळी त्यातच हवा. डबा मी ठेवला. पण कचरा आणू कुठून? भाजीची देठं आणि सालं समोरच्या गोठ्यातली म्हैस खायची, चुलीतल्या राखेने मी भांडी घासायचे, करवंट्या आणि रद्दी बंबात जायची. उरला मूठभर केर, तो अळवाच्या वाफ्यात.

तपासायला आलेल्या माणसाने झाकण उघडलं. "रिकामा? म्हणजे बाई, तुम्ही कचरा गुपचूप गटारात टाकता!" मी त्याला म्हैस दाखवली, अळू दाखवलं. त्याने नोटीस हातात ठेवली. पुढच्या आठवड्यात दुसरी.

आमचे हे कारखान्यात कारकून, सरकारी कागद पाहिला की घाम फुटणारे. म्हणाले, "अगं, शेजारून थोडा कचरा मागून आण ना." आता विरजण मागायला जाते तशी वाटी घेऊन मी कचरा मागायला जाऊ? माझं डोकंच फिरलं.

तिसऱ्यांदा तो माणूस आला, तेव्हा मी डब्याचं झाकण उघडलं. त्याच्यासमोरच त्याच्या दोन्ही नोटिसा टराटरा फाडल्या आणि डब्यात टाकल्या.

त्याने आत वाकून पाहिलं, वहीत बरोबरची खूण केली आणि समाधानाने म्हणाला, "बघा, निघाला की नाही कचरा?"