तोंड माझं, आवाज दुसरीचा

ती दवाखान्यात ओपीडीबाहेर पेशंटचे नंबर पुकारायची. आवाज घोगरा, दणदणीत. तो ऐकूनच एका नवख्या दिग्दर्शकाने तिला सिनेमात घेतलं. "असा आवाज शोधूनही सापडत नाही," म्हणाला. ना गाणी, ना हिरो. लॉन्ड्रीत राबणाऱ्या बाईची गोष्ट. ती रजा काढून चाळीस दिवस त्या वाफेत उभी राहिली, इस्त्रीने कोपर भाजून घेतलं. "डबिंगला बोलावतो," असं दिग्दर्शक म्हणाला होता. बोलावलंच नाही.

पहिल्या खेळाला ती बाबांना घेऊन गेली. बाबांची नजर केव्हाच गेलेली. लेकीचं काम ऐकायला म्हणून ते धुतलेला शर्ट घालून आले होते.

पडद्यावर तिचे ओठ हलले आणि भलताच नाजूक, गोड आवाज आला. तिला वाटलं, मशीन बिघडलं.

"तू कधी येणार गं?" बाबा कुजबुजले.

ती समोरच होती. अख्ख्या सिनेमात होती.

"येईन."

थोड्या वेळाने त्यांनी पुन्हा विचारलं. मग विचारणंच सोडलं. तिच्या अंगाचा तिळपापड झाला.

सिनेमा संपताच तिने दिग्दर्शकाला जिन्यात गाठलं. "माझा आवाज कुठाय?"

"अगं, सिनेमा विकत घेणाऱ्यांना तुझा आवाज जरा राकट वाटला. चेहरा तर तुझाच आहे ना!"

"मला विचारलंत?"

"एवढ्याशा गोष्टीचं काय घेऊन बसलीस?"

"आणि जिचा आवाज लावलात, तिचं नाव कुठाय?"

तो घड्याळात बघायला लागला.

खेळानंतरच्या चर्चेला तिला स्टेजवर बोलावल्यावर तिने माइक बाजूला ठेवला. "हा माझा आवाज. तुम्ही ऐकलात तो दुसरीचा. मला न विचारता लावला, आणि तिचं नावही खाल्लं."

"कलावंत भावनाशील असतात," म्हणत दिग्दर्शक हसला आणि पुढच्या प्रश्नाकडे वळला.

भांडखोर म्हणून तिच्यावर शिक्का बसला. दोन वर्षं कुणी हिंग लावून विचारलं नाही. मग एका दिग्दर्शिकेने बोलावलं, तेव्हा करारावर तिने स्वतःच्या हाताने लिहिलं: 'आवाज माझाच राहील.' बाईंनी वाचलं आणि खाली सही केली. त्या सिनेमापासून तिला कामं मिळत गेली.

पुढे एका समारंभात पहिला दिग्दर्शक शेजारी येऊन बसला. "झालं गेलं विसरलीस ना?"

"नाही. तुमचं तोंड बघितलं की अजून डोकं फिरतं."

पर्स उचलून ती मागच्या रांगेत जाऊन बसली.