भाऊ आत होता

चंद्रपूरच्या पॉलिटेक्निकमध्ये मी इलेक्ट्रॉनिक्सला होते. हॉस्टेलवरच्या एका मैत्रिणीचा मामेभाऊ पुण्याहून तिला जपानी कार्टूनच्या सीड्या पाठवायचा. कार्टून म्हटलं की आम्हाला ससे-मांजरंच आठवायची, पण हे तसलं नव्हतं. काळोखी शहरं, भिंतींवरून लोंबणाऱ्या वायरी, अर्धं शरीर माणसाचं आणि अर्धं यंत्राचं. सोबत तिकडच्या चित्रकथांच्या झेरॉक्स प्रती असत, उजवीकडून डावीकडे वाचायच्या. मी डिक्शनरी मांडीवर घेऊन ते इंग्रजी संवाद लावत बसे. वेडच लागलं होतं म्हणा ना. जर्नलच्या मागच्या पानांवर मी लोखंडी हात आणि मानेतून निघणाऱ्या तारा काढायची.

उन्हाळ्याच्या सुट्टीत त्यातली एक सीडी मी गावी नेली. आमचं गाव मुलचेऱ्याकडचं. घरी बाबा आणि माझा मोठा भाऊ, एवढेच. आई मी लहान असतानाच गेली होती. भावाने दहावीनंतर शाळा सोडली. धानाची शेती आणि गावच्या बोडीतली, म्हणजे लहान तळ्यातली, मासेमारी तो बघायचा. मी शिकावं असं ठरवलं ते त्यानेच.

शेजारच्या निर्वासित बंगाल्यांच्या गावातून भावाने टीव्ही आणि व्हीसीडी भाड्याने आणले. टीव्ही सायकलच्या कॅरिअरला बांधून, वर गोधडी टाकून. मी बाजूला बसून एकेक वाक्य मराठीत सांगत होते. गोष्ट अशी होती, की बंदरावरच्या एका मजुराला अपघात होतो आणि कंपनी त्याला अख्खं लोखंडी शरीर देते. मेंदू तेवढा त्याचा. तो घरी जातो, तर त्याची आई दार उघडत नाही.

बाबा मधेच उठून गेले. "काय पाह्यता हे भुताचं," म्हणाले. भाऊ मात्र हलला नाही. लोडशेडिंगने टीव्ही बंद पडला तरी पडद्याकडेच बघत होता.

"त्याले भूक लागते का बाई?"

"नाही लागत."

"झोप?"

"ती येते बहुतेक."

"मंग आत तोच हाय, हे बाहेरच्याले कसं समजन?"

मी कॉलेजात ऐकलेलं सांगितलं, की हाच तर या गोष्टींमधला मोठा प्रश्न आहे, तिकडे यावर पुस्तकं लिहितात. भावाने माझ्याकडे जरा नवलाने पाहिलं.

"पुस्तक काऊन पाह्यजे? त्यालेच विचारायचं. तो बोलते ना."

त्याच वर्षी पोळ्याच्या सुट्टीत मी घरी होते. सकाळी भाऊ बोडीवर जाळं काढायला गेला आणि लगेच परत आला. बोडीच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, ठेवलेल्या जाळ्याच्या ढिगात हात घातला तेव्हा काहीतरी चावलं म्हणाला. काटा टोचल्यासारखं. हातावर नीट खूणसुद्धा दिसत नव्हती. पण जाळ्यातून निघून गेलेला काळा-पांढऱ्या पट्ट्यांचा साप त्याने पाहिला होता. मण्यार. बाबांनी शेजारची जीप बोलावेपर्यंत तो ओट्यावर बसून माझ्याशी नीट बोलत होता. जीपमध्ये बसल्यावर म्हणाला, "डोये उघडून नाई राह्यले." मला वाटलं, रात्री झोपला नसेल.

तालुक्याच्या दवाखान्यात इंजेक्शनं दिली, पण तोवर त्याचा श्वास मंद झाला होता. तिथल्या डॉक्टरांनी त्याच्या तोंडावर मास्क धरला. मास्कला रबराची एक पिशवी होती. ती दाबली की हवा आत जायची, सोडली की पिशवी आपोआप फुगायची. "चंद्रपूरला न्या," ते म्हणाले. "जाईपर्यंत हे दाबत राहायचं. थांबायचं नाही." सोबत त्यांनी एक वॉर्डबॉय दिला. रस्त्यात एका नाल्यावरून पाणी वाहत होतं. आमच्यापुढे एक ट्रक आणि एसटी उभी. वॉर्डबॉय मास्क धरून, मी पिशवी दाबत, बाबा भावाचे पाय मांडीवर घेऊन. पाणी उतरेपर्यंत आम्ही तसेच.

चंद्रपूरच्या दवाखान्यात भावाच्या घशात नळी घातली. आता श्वासाचं मशीन लावतील, असं मला वाटलं. मी तर मशीनवालीच. दारातून मला ते दिसतही होतं, हिरव्या आकड्यांचं, दर श्वासाला सुस्कारा टाकणारं. पण ते दुसऱ्या एका पेशंट बाईला लावलेलं होतं, आणि दुसरं मशीन बंद पडलेलं. तरुण डॉक्टर होत्या, त्यांचेही डोळे तारवटलेले. माझ्या हातात पुन्हा तीच पिशवी देऊन त्या म्हणाल्या, "मशीन मोकळं होईपर्यंत तुम्हीच करा. तुम्ही श्वास घ्याल तसा त्याला द्या."

मी दिला. हात भरून आले की बाबा बसायचे, बाबा दमले की मी. माझी बोटं आपोआप मिटत आणि उघडत होती. त्या सीड्यांमध्ये यंत्र माणसाचं काम करायचं. इथे मला यंत्राचं काम करायचं होतं, आणि मला ते नीट जमत नव्हतं. मनात दुसरं काही आलं की लय चुकायची. भाऊ मात्र नुसता पडून. पापणी नाही, बोट नाही. मी कानाशी जाऊन म्हटलं, "भाऊ, आयकून राह्यला का? एक बोट हालव." काहीच नाही. त्यालेच विचारायचं म्हणाला होता. मी विचारत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टरांनी त्याच्या पापण्या उचलून बॅटरी मारली. बाहुल्या मोठ्या होत्या, जराही आकसल्या नाहीत. बाबांनी ते वाकून पाहिलं. शेजारच्या खाटेवरच्या पेशंटचा म्हातारा नातेवाईकही पाहत होता. त्याने बाबांकडे बघून हलकेच नकाराची मान हलवली. डॉक्टर पुढच्या खाटेकडे गेल्या, तसे बाबा माझ्याजवळ आले. त्यांनी माझ्या हातावर हात ठेवला.

"बाई, सोड आता. तो गेला. तू नुसती हवा भरून राह्यली."

मी दाबत राहिले.

"त्याच्या देहाले काऊन छळतं? घरी नेऊ त्याले."

त्यांच्या आवाजात राग नव्हता. लहानपणी मी तापात असताना ते डोक्यावर पाण्याची पट्टी ठेवायचे, तसाच तो आवाज. मी डॉक्टरांना हाक मारली. त्यांनी येऊन भावाची नाडी धरली आणि माझी बोटं तिथे टेकवली. "हे विष असंच करतं, बाबा," त्या म्हणाल्या. "सगळे स्नायू झोपवतं. बाहुल्यांवर जाऊ नका. हृदय चालू आहे." बाबा भिंतीशी जाऊन बसले. त्यांना पटलं की नाही, कळलं नाही.

दुपारी मशीन मोकळं झालं. त्या बाईची माणसं बाहेर व्हरांड्यात रडत होती आणि आत वॉर्डबॉय नळ्या पुसून मशीन आमच्याकडे ओढत आणत होता. मला हायसं वाटलं. त्या रडण्याकडे पाठ करून मला हायसं वाटलं, आणि ते वाटणं मला थांबवता येत नव्हतं.

पुढे काही दिवसांनी भावाचं बोट हललं, मग पापणी. नळी काढल्यावर त्याचा आवाज कितीतरी दिवस घोगरा होता. बाबांनी गावात साखर वाटली. घरी आल्यावर त्यांनी त्याला बोडीवर जाऊ दिलं नाही, स्वतःच्या हाताने मासे निवडून कालवण केलं आणि त्यातला डोक्याकडचा, मानाचा तुकडा त्याच्या ताटात टाकला. भावाने तो बाजूला सारला.

दिवाळीला मी नवी सीडी घेऊन गेले. "राहू दे," एवढंच भाऊ म्हणाला. संध्याकाळी आम्ही दोघं पाळीवर बसलो होतो. त्याने पाण्याकडे बघत सांगितलं.

"मी सगळं आयकत होतो."

"काय आयकलं?"

"तू बोट हालव म्हणे ते. जोर लावला, नाई हाललं. डॉक्टरीण बाईच्या बांगड्या. तो म्हातारा खोकलत होता ते." मग माझ्याकडे वळला. "बाबा सोड म्हणले ते."

मी घाईने म्हटलं, "भाऊ, त्याईले वाटलं तू गेला. तुह्या जिवाचे हाल नोको व्हायले, म्हणून म्हणले."

"मले समजते. त्याईच्या जागी मीबी तेच म्हणलो असतो."

"मंग?"

"मंग काई नाई. पण मी होतो ना आत."

बाबांशी एकदा बोल, असं मी त्याला म्हटलं. तो म्हणाला, काय बोलू? त्याईचं काय चुकलं? आणि खरंच, काय चुकलं होतं ते मलाही सांगता येत नव्हतं. कुणाचं काही चुकलं असतं तर बरं झालं असतं. माफी तरी मागता आली असती.

पुढच्या वर्षी भाऊ सिरोंच्याकडे गेला, गोदावरीवर मासे धरणाऱ्यांसोबत. तिथेच राहिला, तेलुगू बोलायला शिकला. सणाला यायचा. बाबांना वाकून नमस्कार करायचा, त्यांचं औषध आणून द्यायचा, विचारलं तेवढ्याचं उत्तर द्यायचा. बाबा त्याच्या भोवती घुटमळत राहायचे. धान किती झालं सांगायचे, कुणाचं लग्न जुळलं ते सांगायचे. तो मान डोलवायचा.

अशाच एका सणानंतर तो एसटीत बसून गेला आणि आम्ही दोघं स्टँडवरून चालत घरी येत होतो. बाबा वाटेत थांबले.

"बाई, तू शिकलेली. खरं सांग. हा माह्यासंगं काऊन बोलत नाई? इषानं त्याच्या डोक्यात काई बिघडलं का?"

मी त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी डोळ्यांवर हात धरला होता, समोरून ऊन येत होतं.

"इषानंच असंल, बाबा," मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली. "मले तेच वाटे," म्हणाले आणि चालायला लागले. तेव्हापासून ते गावात सगळ्यांना तेच सांगायचे. पोराले बोलायचा त्रास हाय, इषानं झाला, त्याले जास्त इचारू नोका.