मेरवाडीचा बांध आणि न कापलेलं राजपत्र

सुगंधाकाकी सरकारी ऑफिसात शिरते तेव्हा तिची मालवणी चपलांबरोबर दाराबाहेरच राहते. वाडीत "खंय गेललंस रे मेल्या" करणारी बाई टेबलासमोर उभी राहिली की "साहेब, आपणांस विनंती करण्यात येते की" असं सुरू करते, आणि तिसऱ्या वाक्याला धाप लागून पुन्हा मालवणीवर येते. बत्तीस वर्षं तिने अंगणवाडी चालवली. अर्ज लिहायचा, खाली 'सोबत जोडले : पाने एक ते अमुक' लिहायचं, आणि ती सगळी पानं जोडायचीच. एक पान कमी पडलं तर तिला ताप येतो.

आमची मेरवाडी आरोंद्याच्या बाजूला, खाडीकाठी. दोन पावसांमागे भाद्रपदातल्या उधाणाला खाडीचा बांध फुटला. खारं पाणी भातशेतीत शिरलं, तिथून विहिरीत. प्यायला ती एकच विहीर. बांध उभा राहिला नाही तर वाडी उठणार, हे शेंबड्या पोरालाही कळत होतं. ऑफिसात मात्र काकी एकटीच गेली.

तिथले भाऊसाहेब गालात सुपारी धरून, ओठ न हलवता बोलतात. "बांऽध? यादीत नाही. खाजगी. तुमचा तुम्ही बांधा."

"साहेब, सरकारनेच बांधलेला. माझे सासरे होते ना कामावर."

"सासरे चालत नाहीत. राजपत्र आणा."

राजपत्र म्हणजे सरकार आपले हुकूम ज्यात छापतं ते. काकीने आधी मोबाईलवर 'सुकतीचो बांध' असं शोधलं, वाडी म्हणते तसं. काही आलं नाही. जुन्या अंकांचे नुसते फोटो चढवलेले, आणि त्यातली अक्षरं मोबाईलला वाचता येईनात. मग दर बुधवारी ती एसटीने दीड तासावरच्या एका जुन्या ग्रंथालयात, राजपत्रांचे गठ्ठे बांधून ठेवलेत तिथे, जायला लागली.

तिथे संदर्भ विभागात डेलिशा बसते. इगर्जीत प्रार्थनेला बसल्यासारखी हळू बोलते. "काय शोधताय, मावशी?"

"सरकारी काम आसा."

"कसलं पण?"

"सरकारी! तू सिंधुदुर्गाचे गठ्ठे काढ, बाय."

कामाचं कुणाला सांगायचं नाही, नाहीतर काम फिसकटतं, ही आमच्याकडची रीत. तीन बुधवार काकी एकटीच धूळ खात, शिंकत पानं उलटत राहिली. चौथ्या बुधवारी डेलिशाने चहा पाजला तेव्हा कुठे 'बांध' हा शब्द तिच्या तोंडातून निघाला.

डेलिशाही मग मालवणीवर आली. "बांध घातलो कधी?"

"माझ्या लग्नाच्या आदी. अडुसष्ट नाय तर एकोणसत्तर."

"आणि सिंधुदुर्ग जिल्हो कधी झालो?"

काकीने कप खाली ठेवला. "एक्याऐंशीत. अगो बाय माझे! म्हणजे आमी रत्नागिरीत?"

हसू नका. रत्नागिरीच्या गठ्ठ्यात स्वतःला शोधायला आमच्यातला कुणीही गेला नसता.

"नावानसुद्दा शोधू नको," डेलिशा म्हणाली. "सरकाराक वाडी ठावक नसता. महसुली गाव ठावक असता." तिने जनगणनेची जिल्हा पुस्तिका काढून मेरवाडी कुठल्या गावात धरलीय ते बघितलं, काकीच्या पिशवीतल्या सातबाऱ्यावरून जमिनीचा क्रमांक घेतला, आणि रत्नागिरीच्या गठ्ठ्यांची अनुक्रमणिका लावली. अर्ध्या तासात सापडलं. एकोणसत्तर साल. खाडीकाठचा बांध, देखभाल शासनाकडे.

काकीने ते तीनदा वाचलं. तिसऱ्यांदा इतक्या मोठ्याने, की पेपर वाचणारे आजोबा म्हणाले, "बाई, हे ग्रंथालय आहे."

"झाला. काढ झेरॉक्स."

"थांब, मावशी. मागसून कोणी रद्द केल्यान काय, ता बघूक व्हया."

"रद्द कोण करतलो?"

चौऱ्याण्णवच्या गठ्ठ्यातला एक अंक छापखान्यातून आला तसाच होता, घडीला पानं जोडलेली. डेलिशाने पट्टी घालून ती कापली. आत तोच जमीन क्रमांक. सदर बांध यादीतून वगळण्याचे योजिले आहे, हरकती तीस दिवसांत कळवाव्यात. आणि सहा महिन्यांनंतरच्या अंकात दोन ओळी: हरकत प्राप्त झाली नाही, सबब बांध वगळण्यात येत आहे.

"चौऱ्याण्णवात मी रोज त्याच बांधावरसून अंगणवाडीत जाय होतंय," काकी म्हणाली. "माका कोणी विचारूक नाय."

"राजपत्रात छापला की सगळ्यांनी वाचला, असा धरतत."

"तुमच्या कपाटात तर ता कोणी उघडूकसुद्दा नाय!"

"नाय," डेलिशा म्हणाली, खाली बघत. मग फार सावकाश विचारलं, "झेरॉक्स कितीची काढू? एकोणसत्तरच्या पानाची एकट्याची?"

काकीने तिन्ही अंकांतली पानं बोटाने मोजली. मग म्हणाली, "सगळ्याची."

पुढच्या सोमवारी भाऊसाहेबांनी कागद वाचले, आणि पहिल्यांदाच त्यांचे ओठ हलले. "अहो, बाकीची पानं कशाला आणलीत? पहिलं एकटं दिलं असतंत तर मी वर पाठवलं असतं. वर कोण बघायला बसलंय? आता माझ्या टेबलावर आली. आता मला दिसतायत ना!"

"तर मग साहेब, माझी हरकत लिहून घ्या."

"मुदत संपली, काकी. तीस वर्षं झाली."

काकी वाडीत परतली तसा शेजारचा बाळा पारावरून ओरडला, "फुडला पान वाचूक तुका सांगितल्यान कोणी गो? इतकी वर्षां बांध कोणाचो ता कोणाक ठावक नव्हता, तोपर्यंत भांडूक तरी येय होता. आता छापून कोणाचोच नाय!"

"चौऱ्याण्णवात तू वाचललंस?"

"मी दुसरीत होतंय तेव्हा!"

"मगे गप ऱ्हव."

पण बाळाने एकट्याने तोंड उघडलं होतं, मनात सगळ्यांच्या तेच होतं. शेवटी वाडीने स्वतःच माती घालायचं ठरवलं. घरटी चार दिवस. काकीच्या नावावर सहा लागले. दोन जादा कुणी घातले, ते कुणी सांगत नाही आणि तिनेही विचारलं नाही. सहासष्ट वर्षांची बाई डोक्यावर पाटी घेऊन सहाही दिवस आली. सहाव्या दिवशी दुपारी भरती चढली, आणि सकाळी तिने टाकलेली माती, अजून ओलीच होती, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत खाडीत गेली.