दोन भागांमधली शाल

खारघरच्या आमच्या वाद्यवृंदाचे सर ताश्कंदचे. सोव्हिएत देश फुटला, पगार थांबले, तेव्हा बायको आणि व्हायोलिन घेऊन ते बाहेर पडले आणि फिरत फिरत इथे टेकले. हिंदी मोडकी, पण रागावण्यापुरती भरपूर. "हाथ देखो!" हा त्यांचा जप. कुणाचे डोळे त्यांच्या हातावरून सुरांच्या कागदात गेले की ताल दाखवायची छडी स्टँडवर आपटलीच. त्यांच्याकडे म्हणे अशा वादकाला सरळ घरी पाठवत. आम्हाला घरी पाठवलं तर उरणार कोण, म्हणून ते नुसते ओरडत. एकदा खुर्ची करकरली, तर त्यांनी अख्खी रचना पहिल्यापासून घ्यायला लावली. तरी मला ते फार आवडायचे. त्यांनी एकदा तरी "ठीक" म्हणावं म्हणून मी बेलपाड्याच्या घरी, टीव्हीच्या कलकलाटात, हट्टाने व्हायोलिन घासत बसायचे.

पहिल्या मोठ्या कार्यक्रमाला बाबा पुढच्या रांगेत होते, कडक इस्त्रीचे पांढरे कपडे घालून. पहिला भाग संपला. दुसरा सुरू व्हायच्या आधी सर हात वर धरून थांबले, सगळं चिडीचूप. आमच्या गावात कार्यक्रम असा थांबला की सत्कार असतो. बाबा उठले आणि शाल-नारळ घेऊन थेट स्टेजवर चढले.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मागे कुणीतरी फिसकन हसलं. सरांनी न वळताच डावा तळवा दाखवला. बाबा स्टेजवरच जागच्या जागी थांबले, छडी खाली आली आणि दुसरा भाग सुरू झाला. मी मान खाली कागदात घातली ती दुसरा भाग संपेपर्यंत वर केलीच नाही.

शेवटी सरांनी वाकून शाल घेतली. पण मला ते बघायचंही नव्हतं.

गाडीत बाबा म्हणाले, "मी नीट उबा व्हतो ना? तुज्या सरांनी हात केला, मंग मी हाललोच नाय."

मी खिडकीबाहेर बघत "हो" म्हटलं.

पुढच्या तालमीला सरांनी विचारलं, "वो शालवाला आदमी किसका है?" सगळे माझ्याकडे वळले. मी कसाबसा हात वर केला. आता आपली हकालपट्टी, याची खात्रीच होती.

"उस दिन स्टेज पे," सर म्हणाले, "एक ही आदमी मेरा हाथ देखा."

मग त्यांनी छडी उचलली. "हाथ देखो," ते म्हणाले. या वेळी ओरडले नाहीत. मला वर बघवेना.