हिरवा हातपंप

१२ मार्च. टँकर येणार म्हणून येलहंका उपनगरातल्या आमच्या घरी बादल्या दारात मांडत होते. तेवढ्यात लेकीचा आयर्लंडहून व्हिडिओ कॉल आला. ती राहते त्या मूठभर घरांच्या खेड्यात वारसा समिती जुना हातपंप हिरवा रंगवत होती. समितीची चिटणीस आमचीच लेक.

"पाणी येतं का त्याला?"

"आई, तो वारसा आहे! कुणी हलवू नये म्हणून दांडा वेल्डिंग करून टाकलाय."

"आमच्या गल्लीतला पंपही वॉशर गेल्यापासून बंद आहे. शेजारचे अण्णा त्यावर पायपुसणी वाळत घालतात."

"मग तुम्हीही रंगवून घ्या ना!"

संध्याकाळपर्यंत टँकर आला नाही. १३ मार्च. सकाळी मिस्त्री बोलावून वॉशर बदलला आणि तासभर दांडा मारून दोन पिंपं भरली.